स्कार्लेटचे बाबा

परवा दुपारी तर्जनीला बांधलेल्या दोऱ्याकडे लक्ष गेले आणि तो आपण कशासाठी बांधला, हे काही केल्या आठवेना. उपरण्याला गाठ मारून ठेवणाऱ्या माझ्या आजोबांचीही गत अशीच व्हायची. पण त्या क्षणी मला आठवला तो 'इट्स अ वंडरफुल लाइफ'मधला बिली काका: बोटांना दोरे गुंडाळून हिंडणारा, कचेरीत कावळा पाळणारा आणि 8000 डॉलर हरवून पुढचे सारे रामायण घडवणारा. हे काम करणाऱ्या नटाचे नाव थॉमस मिचेल.

हे नाव मला फार उशिरा कळले. लहानपणी रात्री कार्टून संपली की त्याच वाहिनीवर टीएनटीचे जुने इंग्रजी चित्रपट सुरू होत आणि रिमोट वडिलांकडे जाई. संवाद कळत नसल्यामुळे मी ओळखीचे चेहरे हेरत बसे. 'गॉन विथ द विंड'मध्ये घोडा उधळत कुंपणावरून उड्या मारणारे नायिका स्कार्लेटचे बाबा मला आवडले होते. पुढे 'द हंचबॅक ऑफ नोत्र दाम'मध्ये तेच गृहस्थ पॅरिसच्या भिकाऱ्यांचे राजे होऊन आले, तेव्हा "स्कार्लेटचे बाबा भिकेला लागले!" असे मी मोठ्याने जाहीर केले. वडिलांनी हसता हसता गप्प केले. आमच्या घरात त्यांचे नाव तेच राहिले.

हे दोन्ही चित्रपट 1939चे. त्याच वर्षी मिचेल 'ओन्ली एंजल्स हॅव विंग्ज'मध्ये नजर अधू होत चाललेला वैमानिक होता, 'मिस्टर स्मिथ गोज टू वॉशिंग्टन'मध्ये वार्ताहर होता (तारुण्यात त्याने ती नोकरी खरोखरच केली होती), आणि 'स्टेजकोच'मध्ये गावाने हाकलून दिलेला दारुडा डॉक्टर. एका वर्षात पाच चित्रपट, आणि नायक एकातही नाही. 'स्टेजकोच'मध्ये तो व्हिस्कीच्या विक्रेत्याशेजारी बसून त्याची नमुन्यांची पेटी ज्या मायेने सांभाळतो, ते पाहून हसू येते. पण वाटेत एका बाईची प्रसूती करण्याची वेळ येते, तेव्हा हाच माणूस काळी कॉफी मागवून स्वतःला शुद्धीवर आणतो, आणि तिथे मला तरी चित्रपटाचा नायक जॉन वेन आठवत नाही.

मला त्याहूनही अधिक छळतो तो 'गॉन विथ द विंड'मधला, टारा या स्कार्लेटच्या मळ्यावरच्या उद्ध्वस्त घरातला प्रसंग. पैसा नाही, अन्न नाही, आता काय करायचे, असे मुलगी विचारते आणि बाप अगदी सहजपणे, तोडगा सापडल्याच्या आनंदात, तुझ्या आईला विचारू या, असे म्हणतो. आई तर गेलेली आहे. मिचेल तिथे वेडाचा आव आणत नाही, आणि म्हणूनच तो आनंद पाहवत नाही.

'स्टेजकोच'साठी त्याला सहायक अभिनेत्याचे ऑस्कर मिळाले. त्याच रात्री टाराच्या घरातली दाई मॅमी झालेल्या हॅटी मॅकडॅनियललाही सहायक अभिनेत्रीचे मिळाले. म्हणजे एका घरातली दोन माणसे, फक्त मालकाचे बक्षीस दुसऱ्या चित्रपटासाठी. गंमत अशी की त्या काळी सहायक कलावंतांना सोनेरी पुतळा देत नसत, पाटी देत. दुय्यम भूमिकेला पुतळाही दुय्यमच, असा तो शिरस्ता 1944मध्ये मोडला. मिचेलला मुख्य अभिनेत्याचा मान मिळाला तो पडद्याबाहेर: 1953मध्ये दूरचित्रवाणीचे एमी आणि रंगभूमीचे टोनी, दोन्ही. ऑस्कर, एमी आणि टोनी तिन्ही मिळवणारा तो पहिला पुरुष ठरला. तरीही त्याला लोक नावाने ओळखू लागले असे काही झाले नाही, आणि त्याबद्दल हळहळण्याचा अधिकार मला कितपत आहे, हे वर आलेच आहे.

1962च्या जानेवारीत सॅन फ्रान्सिस्कोच्या रंगमंचावर एका खूनप्रकरणाचे नाटक आले. त्यातला गबाळा, वरकरणी विसराळू वाटणारा पोलीस अधिकारी मिचेलने केला. ती त्याची शेवटची भूमिका. डिसेंबरात, 'हंचबॅक'मधला त्याचा सोबती चार्ल्स लॉटन गेल्यावर दोनच दिवसांनी, तोही गेला. त्या पोलीस अधिकाऱ्याचे नाव होते कोलंबो. पुढे दूरचित्रवाणीवर पीटर फॉकने तो जगभर नेला, आणि आज कोलंबो म्हटले की सगळ्यांना फॉकच आठवतो. खरे सांगायचे तर मलाही तोच आठवतो.