सह्याद्रीतल्या रिसॉर्टच्या पाच रिकाम्या रात्री

लोणावळा, कर्जत, अलिबाग, इगतपुरी, पाचगणी या पट्ट्यात गेल्या काही वर्षांत उभ्या राहिलेल्या रिसॉर्टविषयी बोलताना चर्चा बहुधा नव्या गोष्टींचीच होते. खासगी तरणतलावाचे व्हिला, काचेच्या भिंतींच्या खोल्या, डोंगरउतारावरचे आलिशान तंबू, लग्नासाठी आखून घेतलेली हिरवळ. या पट्ट्यातल्या काही मालकांचे हिशेब पाहणे हे माझे रोजचे काम आहे, आणि हिशेबाच्या बाजूने पाहिले की या सगळ्या नवलाईच्या मुळाशी एकच जुनी अडचण दिसते. हा व्यवसाय शुक्रवार आणि शनिवार या दोन रात्रींवर चालतो. उरलेल्या पाच रात्री दिवे चालू असतात, पंप चालू असतो, पगार चालू असतात आणि खोल्या रिकाम्या असतात. गेल्या काही वर्षांतला या धंद्यातला जवळजवळ प्रत्येक बदल हा या पाच रात्री भरण्याचा, नाहीतर त्या भरण्याचा नाद सोडून दोन रात्रींतच सगळी वसुली करण्याचा प्रयत्न आहे, असे माझे मत आहे. यांतला दुसरा मार्ग फार वेगाने रूढ होतो आहे, आणि तो मला धोक्याचा वाटतो.

पूर्वी असे नव्हते. नेरळ-माथेरानची छोटी गाडी १९०७ साली सुरू झाली, तेव्हापासून पुढे कित्येक दशके माथेरानला किंवा महाबळेश्वरला जाणारे कुटुंब आठ-पंधरा दिवसांच्या तयारीने जात असे. जायलाच इतका वेळ आणि त्रास लागायचा की दोन दिवसांत परतणे परवडत नसे. म्हणून तिथल्या जुन्या हॉटेलांचा दर चहा, नाश्ता आणि दोन्ही जेवणांसह असे. हॉटेलवाले आजही त्याला एपी, म्हणजे अमेरिकन प्लॅन, म्हणतात. पाहुणा सोमवारी आहे की शनिवारी, याने फारसा फरक पडत नसे. हंगाम होता, पण आठवड्याला असा चढउतार नव्हता. पावसाळ्यात महाबळेश्वरची घरे आणि हॉटेले गवताच्या झडांनी भिंती झाकून बंद होत, आणि दसरा-दिवाळीकडे पुन्हा उघडत.

रस्ते सुधारले तसा मुक्काम आखडत गेला. मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग २००२ साली पूर्ण झाला आणि लोणावळा हे सकाळी जाऊन रात्री परतण्याचे ठिकाण झाले. १२ जानेवारी २०२४ रोजी अटल सेतूचे उद्घाटन झाले, आणि अलिबाग मुंबईकराला आणखी जवळ आले. समृद्धी महामार्गाचा इगतपुरी ते आमणे हा शेवटचा टप्पा ५ जून २०२५ रोजी सुरू झाला, तेव्हा इगतपुरीचे मालक हरखून गेले होते. प्रत्येक नव्या रस्त्याच्या वेळी पर्यटक वाढतील असे सांगितले जाते आणि ते खरेच वाढतात. मात्र ते सगळे त्याच शनिवारी वाढतात, आणि पूर्वी दोन रात्री राहणारा आता एकच रात्र राहतो. रस्ता झाला म्हणून बुधवारची खोली भरली, असे मी कोणाच्याही वहीत पाहिलेले नाही.

हे आकड्यांत मांडले की अधिक स्पष्ट होते. उदाहरणादाखल वीस खोल्यांचे रिसॉर्ट घेऊ. आठवड्याच्या सात रात्री धरल्या तर विकायला एकूण १४० खोल्या. शुक्रवार-शनिवारी सगळ्या भरल्या तर ४०, आणि उरलेल्या पाच रात्री रोज चारच गेल्या तर २०. एकूण ६०, म्हणजे ४३ टक्के. शुक्रवार-शनिवारचा दर ७,००० आणि अधल्या वारांचा, म्हणजे रविवार ते गुरुवारचा, ३,००० धरला, तर आठवड्याची जमा ३ लाख ४० हजार. आता मालकाला आठवड्याला आणखी ६० हजार हवे आहेत. एक वाट अशी की अधल्या वारी रोज चाराऐवजी आठ खोल्या जाव्यात. दुसरी वाट अशी की शुक्रवार-शनिवारचा दर ७,००० वरून ८,५०० करावा. दुसरी वाट सोपी दिसते, कारण तिला फक्त संगणकावरचा आकडा बदलावा लागतो, आणि बुकिंगच्या संकेतस्थळांनी मागणीप्रमाणे रोज दर बदलण्याची सवय सगळ्यांनाच लावलेली आहे.

पण इथे जीएसटी आड येतो, आणि हा मुद्दा मी प्रत्येक मालकाला कागदावर मांडून दाखवतो. २२ सप्टेंबर २०२५ पासून रोजी ७,५०० रुपयांपर्यंतच्या खोलीवर ५ टक्के कर आहे आणि त्यावरच्या खोलीवर १८ टक्के. सात हजारांच्या खोलीचे पाहुणा ७,३५० रुपये देतो. साडेआठ हजारांच्या खोलीचे त्याला १०,०३० रुपये मोजावे लागतात. मालकाच्या हातात दीड हजार वाढले, पण पाहुण्याच्या खिशातून २,६८० गेले, आणि तो पाहुणा खोलीची तुलना आता दहा हजारांच्या दुसऱ्या खोलीशी करणार. शिवाय १ एप्रिल २०२५ पासूनचा नियम असा आहे की मागच्या आर्थिक वर्षात त्या वास्तूतली एक जरी खोली ७,५०० च्या वर गेली असेल, तर पुढच्या वर्षी तिथल्या उपाहारगृहातल्या जेवणावरही ५ ऐवजी १८ टक्के कर लागतो. म्हणजे ३१ डिसेंबरच्या एका रात्रीचा मोह वर्षभर प्रत्येक थाळीवर बसतो. भरलेल्या कराची वजावट १८ टक्क्यांत मिळते हे खरे, आणि ५ टक्क्यांत ती मिळत नसल्यामुळे रंगकाम, गाद्या, एसीची दुरुस्ती यांवरचा कर लहान मालकाच्या अंगावर पडतो हेही खरे. त्यामुळे एकच उत्तर सगळ्यांना लागू पडत नाही. पण ज्याचे उपाहारगृह स्थानिक लोकांच्या रविवारच्या जेवणावर चालते, त्याने तरी ही रेषा विचार न करता ओलांडू नये.

दोन रात्रींतच सगळे वसूल करण्याच्या या ओढीतून व्हिलांची लाट आलेली आहे. मुंबई-पुण्यातल्या लोकांनी घेतलेली दुसरी घरे वर्षाचे बहुतेक दिवस कुलूपबंद असत. सॅफ्रनस्टेज, स्टेव्हिस्टा यांच्यासारख्या कंपन्यांनी ती भाड्याने चालवायला घेतली आणि बारा-पंधरा जणांच्या कुटुंबाला किंवा मित्रमंडळींना अख्खे घर मिळू लागले. टाटांच्या इंडियन हॉटेल्स कंपनीनेही २०१९ साली अमा स्टेज अँड ट्रेल्स हा स्वतंत्र विभाग काढून याच बाजारात पाऊल टाकले. पाहुण्यांच्या दृष्टीने ही उत्तम सोय आहे, विशेषतः आजी-आजोबांपासून नातवंडांपर्यंत सगळे एकत्र निघतात तेव्हा. माझा आक्षेप आहे तो प्रत्येक घराच्या स्वतंत्र तलावाला. वीस फूट लांब, दहा फूट रुंद आणि चार फूट खोल एवढ्या साध्या तलावात साधारण २२ हजार ६०० लिटर पाणी मावते, म्हणजे दहा हजार लिटरचे दोन टँकर रिकामे करूनही तो भरत नाही. गाळणयंत्र नीट चालवले तर तेच पाणी बरेच दिवस टिकते, पण प्रत्येक टोळीनंतर पाणी बदलण्याची मागणी वाढते आहे आणि मे महिन्यात आसपासच्या वाड्यांत बाया हंडे घेऊन त्याच टँकरची वाट पाहत असतात. वीस खोल्यांना एक मोठा तलाव पुरत होता. वीस व्हिलांना वीस तलाव लागतात, आणि तेही आठवड्यातले दोन दिवस वापरायला.

अधले वार भरण्याचे प्रयत्न आधी झाले नाहीत असे नाही. १९९६ साली स्थापन झालेल्या महिंद्रा हॉलिडेजने क्लब महिंद्राच्या सदस्यत्वात वर्षाचे जांभळा, लाल, पांढरा आणि निळा असे चार रंगांचे हंगाम पाडले, आणि स्वस्तातला निळा घेणाऱ्याला गर्दीच्या दिवसांऐवजी मोकळ्या दिवसांत सुट्टी घ्यायला लावले. वर्षाला सात रात्री, अशी पंचवीस वर्षे. पाहुण्याने आगाऊ पैसे भरलेले असल्यामुळे तो पुष्कळदा आठवडाभर राहतो आणि मंगळवारही भरतो. अशा योजनांविषयी ग्राहकांच्या तक्रारी असतात, पण रिकाम्या रात्री विकायच्या कशा याचा एवढा शिस्तबद्ध विचार आपल्याकडे फार कमी जणांनी केलेला आहे. वीस खोल्यांच्या मालकाला हे जमणे शक्य नाही.

त्याला मदत होते ती पंचांगाची. लग्नाचा मुहूर्त वार बघून येत नाही, आणि मुहूर्त मानणाऱ्या घरांमुळे कर्जत-लोणावळ्याची हिरवळ बुधवारी आणि गुरुवारीही हळदी-संगीताने भरते. तुळशीच्या लग्नानंतरचे महिने म्हणूनच मालकांना जिव्हाळ्याचे. चातुर्मासात लग्ने थांबतात, त्या वेळी पाऊस पाहायला येणारे असतात. आषाढ संपता संपता येणाऱ्या गटारीच्या शनिवारी तर एकही खोली रिकामी सापडत नाही, आणि पुढच्याच आठवड्यात श्रावण लागला की मटणाची मागणी आणि बारची जमा दोन्ही एकदम खाली येतात. कंपन्यांच्या बैठका आणि प्रशिक्षणे सोमवार ते गुरुवार होतात, पण त्यांना मोठा सभागृह-कक्ष, भरवशाचे इंटरनेट आणि जनरेटर लागतो. करोनाच्या काळात डोंगरात बसून नोकरी करणारे पाहुणे आले होते. कार्यालये उघडल्यावर त्यांतले थोडेच उरले.

या दोन रात्रींच्या धंद्याची किंमत खरे तर कामगार मोजतो. शनिवारी सकाळी अकराला खोल्या सोडायच्या आणि दुपारी दोनला नव्या पाहुण्यांना द्यायच्या, म्हणजे हाऊसकीपिंगच्या चार मुलांच्या हातात वीस खोल्यांसाठी तीन तास. एका खोलीत गादी उचलून चादर बदलायची, बाथरूम घासायचे, केस आणि वाळू काढायची, टॉवेल मोजायचे, मिनरल पाण्याच्या बाटल्या ठेवायच्या आणि फ्रीजमध्ये आधीच्या पाहुण्यांनी सोडलेले खाणे टाकायचे. सगळे मिळून पस्तीस-चाळीस मिनिटांचे काम. वीस खोल्यांचे हे गणित तीन तासांत नीट बसत नाही, म्हणून मग वरवरचे काम होते, आणि सोमवारी संकेतस्थळावर खोली अस्वच्छ होती असा शेरा येतो. तो शेरा त्या मुलाच्या नावावर लावून पगारातून पैसे कापणारे मालकही मी पाहिलेले आहेत, आणि त्याबद्दल मी त्यांच्याशी भांडलेलो आहे. आता तर पुष्कळ ठिकाणी कायमची माणसे कमी करून शुक्रवारी ठेकेदाराच्या गाडीतून वाढपी आणि सफाईची माणसे आणतात आणि रविवारी रात्री परत पाठवतात. हिशेबाला हे सोयीचे आहे. पण ज्याला पुढच्या शनिवारी इथेच असू की नाही हे ठाऊक नाही, त्याच्याकडून पाहुण्याची ओळख ठेवण्याची अपेक्षा कशी करणार? उत्तराखंड, ओडिशा, ईशान्येकडून आलेली मुले या धंद्याचा कणा आहेत आणि त्यांना सलग महिन्याचा पगार मिळायचा असेल, तर सोमवार ते गुरुवार काम असले पाहिजे. म्हणून रिकाम्या रात्रींचा प्रश्न मला नफ्यापेक्षा मोठा वाटतो.

आणि त्या भरणारा पाहुणा आपल्या डोळ्यांसमोर आहे. मुंबई-पुण्यातली निवृत्त माणसे, ज्येष्ठ नागरिक संघ, भिशीची मंडळे, शाळेतल्या वर्गमित्रांचे साठीनंतरचे मेळावे. यांना शनिवारची गर्दी, डीजे आणि घाटातली कोंडी नकोच असते. मंगळवार ते शुक्रवार असा तीन रात्रींचा मुक्काम त्यांना आवडतो आणि परवडतो. पण रिसॉर्ट त्यांच्यासाठी बांधलेलेच नसते. खोल्या उतारावर, वाटेला कठडा नाही, बाथरूममध्ये धरायला दांडी नाही, तळमजल्याची खोली मागितली तर जास्त पैसे, आणि जेवणात पनीर आणि मैदा. शेकडो खोल्यांच्या कंपन्या हे उशिरा शिकतील. लहान मालकाला ते एका पावसाळ्यात जमण्यासारखे आहे. कृषी पर्यटनवाल्यांनी यातले काही आधीच ओळखलेले आहे. बारामती परिसरात सुरू झालेल्या प्रयोगापासून पुढे, आणि २०२० साली राज्याचे कृषी पर्यटन धोरण आल्यावर, अनेक केंद्रांचे अधले वार शाळांच्या सहलींवर आणि पिठलं-भाकरी खायला येणाऱ्या वडीलधाऱ्यांवर चाललेले आहेत.

माझ्या एका परिचित मालकाने कर्जतकडे हे करून पाहिले. नवा तलाव बांधण्यासाठी बाजूला ठेवलेल्या पैशातून त्याने सहा तळमजल्याच्या खोल्यांत दांड्या, न घसरणाऱ्या फरशा आणि रात्रीचे मंद दिवे बसवले, वाटेला कठडा घातला, जवळच्या डॉक्टरांशी बोलून ठेवले, आणि जेवणासह तीन रात्रींचा एकच दर लावला. बुकिंग संकेतस्थळांवरून फारसे आले नाही. आले ते एका संघाने दुसऱ्या संघाला सांगून, त्यामुळे दलालीही वाचली. त्याच्या वहीत अधल्या वारांची जमा अजून शनिवारच्या निम्मीही नाही. पण ठेकेदाराची गाडी त्याने बंद केली आहे, आणि स्वयंपाकघरात व सफाईत मिळून त्याची सगळी माणसे आता महिन्याच्या पगारावर आहेत. पुढच्या वर्षी आणखी चार खोल्या तशाच करायच्या की कंपन्यांसाठी सभागृह बांधायचे, यावर आमचा वाद चालू आहे. मी खोल्यांच्या बाजूने आहे.