टिम टीबोच्या कारकिर्दीचा तक्ता मांडताना

फ्लोरिडा विद्यापीठाच्या या क्वार्टरबॅकने (अमेरिकन फुटबॉलमध्ये चेंडू पास करत संघाची चढाई चालवणारा खेळाडू) २००७ मध्ये, कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला असताना, कॉलेज फुटबॉलमधल्या सर्वोत्तम खेळाडूला मिळणारी हाइझमन ट्रॉफी जिंकली. दुसऱ्या वर्षाच्या खेळाडूला ती तोवर कधीच मिळाली नव्हती. एनएफएल या व्यावसायिक लीगचे संघ ज्यातून नवे खेळाडू आळीपाळीने निवडतात, त्या २०१० च्या ड्राफ्टमध्ये डेन्व्हर ब्रॉन्कोजनी त्याला पंचविसाव्या क्रमांकावर घेतलं आणि २०१२ च्या हंगामानंतर तो एनएफएलच्या एकाही अधिकृत सामन्यात उतरला नाही. ही कारकीर्द मराठीत मांडायला घेतली, तेव्हा सगळ्यात जास्त वेळ गेला तो कॉलेज आणि एनएफएल या दोन्हीकडचे आकडे जुळवण्यात.

पहिली अडचण पासर रेटिंगची, म्हणजे क्वार्टरबॅकचे पास कितपत चांगले हे एका आकड्यात सांगणाऱ्या गुणांकाची. कॉलेजचं १७०.८, एनएफएलचं ७५.३. हे आकडे शेजारी ठेवले की निम्म्याहून जास्त घसरण दिसते, पण दोन्हीकडची सूत्रंच निराळी आहेत. एनएफएलच्या सूत्रात कमाल १५८.३, म्हणजे १७०.८ तिथे शक्यच नाही. म्हणून एकच सूत्र धरून हिशोब केला. कॉलेजचं सूत्र असं: यार्ड गुणिले ८.४, अधिक टचडाउन (चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या टोकाच्या पट्ट्यात पोचवून मिळवलेला गोल) गुणिले ३३०, अधिक पूर्ण पास गुणिले १००, त्यातून इंटरसेप्शन (प्रतिस्पर्ध्याने झेललेले पास) गुणिले २०० वजा करायचे आणि येईल त्याला एकूण पासांनी भागायचं. टीबोचे एनएफएलमधले ३६१ पास, त्यातले १७३ पूर्ण, २,४२२ यार्ड, १७ टचडाउन, ९ इंटरसेप्शन यात घातले की ११४.८ येतात. खरी घसरण १७०.८ वरून ११४.८ वर. तीही मोठीच, पण ७५ सांगतो तितकी नाही.

धावण्याच्या आकड्यांत वेगळी गोम आहे. कॉलेजमध्ये क्वार्टरबॅकला मागे पाडलं (सॅक) की गमावलेले यार्ड त्याच्या धावण्यातून वजा होतात; एनएफएलमध्ये ते संघाच्या पासिंगमधून जातात. त्यामुळे २००७ चे ८९५ यार्ड सॅक वजा जाऊन उरलेले आहेत, तर २०११ च्या ६६० यार्डांना त्या हंगामातल्या ३३ सॅकची झळ लागलेली नाही.

बाद फेरीचंही तसंच. २००२ पासून कॉलेजच्या बोल सामन्यांचे (हंगामाच्या शेवटी होणारे खास सामने) आकडे एकूण बेरजेत धरतात, एनएफएल मात्र बाद फेरी वेगळी ठेवते. ८ जानेवारी २०१२ रोजी पिट्सबर्ग स्टीलर्सविरुद्ध जादा वेळेत टीबोने डिमेरियस थॉमसला दिलेला ८० यार्डांचा विजयी पास वरच्या २,४२२ मध्ये नाहीच. मी त्यासाठी वेगळी ओळ ठेवली. तो पास गाळून टीबोची कारकीर्द सांगताच येत नाही.

नुसत्या सरासरीवरही विसंबू नये. नोव्हेंबर २०११ मध्ये कॅन्सस सिटी चीफ्सविरुद्ध त्याचे आठपैकी दोनच पास पूर्ण झाले, त्यातला एक ५६ यार्डांचा टचडाउन, आणि डेन्व्हर १७-१० जिंकलं. त्या हंगामात त्याने सुरुवात केलेल्या, म्हणजे पहिल्यापासून मैदानात असलेल्या, ११ सामन्यांपैकी ७ संघाने जिंकले.

जय-पराजय तपासताना आणखी एक फरक निघतो. नोंदीत १६ सामन्यांची सुरुवात दिसते, पण क्वार्टरबॅक म्हणून ८ विजय आणि ६ पराभव, म्हणजे चौदाच. उरलेले दोन न्यूयॉर्क जेट्सकडचे. तिथे तो क्वार्टरबॅक सोडून वेगळ्याच जागेवर उतरला होता.

पुढे २०१३ मध्ये पॅट्रियट्स, २०१५ मध्ये ईगल्स आणि २०२१ मध्ये टाइट एंड (पास झेलणारा आणि प्रतिस्पर्ध्यांना अडवणारा खेळाडू) म्हणून जॅग्वार्स, तिघांनीही त्याला हंगाम सुरू व्हायच्या आतच सोडलं. हंगामपूर्व सामने अधिकृत बेरजेत येत नाहीत, म्हणून ही तीन नावं तक्त्यात न घालता खाली टीप म्हणून दिली.