चादरीखालची बाई

‘मूकपट दाखवायला बसलात की दरवेळी याच बाईपासून का सुरुवात करता?’ आमच्या घरी सिनेमा पाहायला येणारं कुणी ना कुणी हे विचारतंच. बाई म्हणजे जेहान द'आल्सी. तुम्ही विचारलंत म्हणून सांगते.

१८९६ साल. मुंबईकरांनी वॉटसन हॉटेलात पहिल्यांदा हलती चित्रं पाहिली, ते हेच वर्ष. पॅरिसला रॉबेर-हुदँ नावाचं जादूच्या प्रयोगांचं थिएटर होतं. त्याचे मालक जॉर्ज मेलिएस, आणि जेहान तिथलीच नटी. मेलिएसनी एक जेमतेम सव्वा मिनिटाचा चित्रपट केला. त्यात ते जमिनीवर वर्तमानपत्र पसरतात आणि वर खुर्ची ठेवतात, म्हणजे खाली चोरदार नाही याची खात्री पटावी. जेहान खुर्चीत बसते, पंख्यानं वारा घेते. मेलिएस तिच्यावर चादर टाकतात, ओढतात, खुर्ची रिकामी! मग तिथे हाडांचा सांगाडा येतो, त्यावर पुन्हा चादर, आणि जेहान परत हजर.

रंगमंचावर हा खेळ दहा वर्षं आधीपासून चालत होता, पण तिथे चोरदार लागायचंच. इथे कॅमेरा थांबवला, ती उठून गेली, कॅमेरा पुन्हा सुरू केला. सगळं श्रेय मेलिएसना देतात, आणि युक्ती त्यांचीच होती. पण मला दिसते ती परत येऊन बसलेली जेहान. मधे चित्रीकरण थांबलं होतं, ती उठली होती, चालली होती, याचा चेहऱ्यावर मागमूस नाही. असं बसणं हा अभिनयच आहे, आणि तो कॅमेऱ्यापुढे कसा करायचा हे तिला दाखवायला तेव्हा होतं तरी कोण? पडद्यावर नटांची नावं द्यायची पद्धतही नव्हती. तिचं खरं नाव तर शार्लोट फाएस.

पुढे मेलिएसचा सिनेमाचा धंदा बुडाला. १९२५ मध्ये दोघांनी लग्न केलं. पॅरिसच्या माँपार्नास स्टेशनात जेहानचं खेळण्यांचं आणि गोळ्या-चॉकलेटांचं दुकान होतं, तिथे ते दोघं बसायचे. त्या गल्ल्यावरचे मेलिएस सिनेमावेड्यांना पाठ आहेत, पण दुकान जेहानचं होतं हे फारसं कुणी सांगत नाही. मला याची खरोखर चीड येते. १९३२ मध्ये ओर्लीला, सिनेमावाल्यांच्या वृद्धाश्रमात त्यांची सोय झाली. १९३८ मध्ये मेलिएस गेले. त्यानंतर ती अठरा वर्षं जगली.

१९५२ मध्ये दिग्दर्शक जॉर्ज फ्रांज्यूंनी मेलिएसवर लघुपट काढला. मेलिएसच्या भूमिकेत मेलिएसचाच मुलगा आंद्रे होता. जेहानच्या भूमिकेसाठी मात्र कुणाला शोधावं लागलं नाही. सत्याऐंशी वर्षांची जेहान स्वतःच कॅमेऱ्यापुढे आली.