शेवटी नाव सांगायचं

कलाकारांनी स्वतःबद्दल लिहिलेला मजकूर वाचायचा मला नाद आहे. एखाद्या चित्रकर्तीची किंवा नर्तकीची वेबसाइट उघडली की चित्रं राहतात बाजूला, मी आधी ‘माझ्याविषयी’वर बोट ठेवते. लिहिणारी ती स्वतःच असते, पण तिथे एकदम ‘त्या’ होते. त्यांना बालपणापासून कलेची आवड असते, घरातून संस्कार लाभलेले असतात. आवड नसती तर बाई या वाटेला आल्या कशाला असत्या?

अशा वेळी मला गायिका गौहरजान आठवतात. १९०२ साली कलकत्त्यात ग्रामोफोन कंपनीसाठी त्या गायल्या, तेव्हा माइक नव्हता. मोठ्या कर्ण्यात तोंड घालून जवळजवळ ओरडायचं. तासभर रंगणारा राग तीनेक मिनिटांत आटपायचा, आणि शेवटची तान विरते न विरते तोच खड्या आवाजात सांगायचं, ‘माय नेम इज गौहरजान!’ कारण तसं कारकुनीच. मूळ मुद्रण तबकड्या काढायला जर्मनीत हॅनोव्हरला जायचं, तिथल्या कारागिरांना गाणारी कोण ते कळायला हवं. पण ते वाक्य ऐका एकदा. गाणं अजून अंगात आहे, दम किंचित लागलाय आणि मिजास तर अशी की कारखान्यातला माणूस उठून उभा राहिला असेल. हे नावही जन्माचं नव्हे बरं का. जन्माने त्या अँजेलिना. आई धर्म बदलून मलकाजान झाली, तेव्हा मुलगी गौहर झाली.

आपल्याकडच्या गायिकांनी गावच आडनावात घेतलं. केरीच्या केसरबाई केरकर, कुर्डीच्या मोगूबाई कुर्डीकर. बापाचं नाव लावायची सोय जिथे अनेकींना नव्हती, त्या गोव्यातल्या कलावंतीणींच्या घरांतून आलेल्या या बायका. पुढे साळावली धरणात अख्खं कुर्डी बुडालं. उन्हाळ्यात पाणी ओसरलं की जोती तेवढी दिसतात. आडनाव मात्र अजून मैफलींच्या गप्पांत रोज निघतं.

रेकॉर्डवरचं नावही कधीकधी निराळंच असे. हुबळीच्या गंगूबाईंच्या सुरुवातीच्या रेकॉर्डांवर ‘गांधारी हंगल’ असं छापलेलं असे. पुढे जग जिंकलं ते ‘गंगूबाई’ या नावानेच.

केसरबाईंची तर निराळीच तऱ्हा. उस्ताद अल्लादियाखाँसाहेबांची तालीम घेतलेली ही बाई रेकॉर्डिंगच्या बाबतीत फार हात राखून. मोजकंच मुद्रण मागे ठेवलं. आणि नेमकी त्यांचीच ‘जात कहाँ हो’ ही भैरवी १९७७ साली सूर्यमालेपलीकडे निघालेल्या व्हॉयेजर अंतराळयानांवरच्या सोनेरी तबकडीत जाऊन बसली. साडेतीन मिनिटांची. व्हॉयेजर-१ निघालं ५ सप्टेंबरला आणि १६ सप्टेंबरला बाई गेल्या. शेवटी नाव पुकारायची पद्धत केव्हाच मोडली होती, त्यामुळे तिकडे कुणाच्या कानावर ती भैरवी पडलीच तर गाणारी कोण, कुठली, हे शोधत बसावं लागेल. केरी फोंडा तालुक्यात आहे. कुणी विचारलं तर एवढं मी सांगू शकते.