अंगठीवरच्या दोन ओळी : माझा अनुभव

टोल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या कादंबरीतील जादूच्या ‘एकमेव अंगठी’वरचा दोन ओळींचा लेख चांदीच्या अंगठीवर कोरून घ्यायचा, असे ठरवले तेव्हा हे काम आठवडाभरात उरकेल अशी माझी समजूत होती. प्रत्यक्षात पाच महिने लागले. तयार अंगठ्या बाजारात मिळतात. परंतु ज्या मी पाहिल्या त्यांवर अक्षरे नक्षीसारखी उमटवलेली होती, कुठे वेलांटी गळालेली, कुठे दोन अक्षरे एकमेकांत मिसळलेली. जिच्यावरचे प्रत्येक अक्षर मला वाचता येईल, अशी अंगठी मला हवी होती.

कथेनुसार ही अंगठी मॉर्डॉर या प्रदेशाचा दुष्ट अधिपती सॉरॉन याने दुसऱ्या युगाच्या सुमारे १६०० या वर्षी ओरोड्रुइन पर्वताच्या अग्नीत घडवली आणि स्वतःच्या सामर्थ्याचा मोठा अंश तिच्यात ओतला. त्याच युगाच्या ३४४१ मध्ये इसिल्दूर या मानव राजपुत्राने ती सॉरॉनच्या हातावरून कापून घेतली आणि तापलेल्या अंगठीवर दिसणारी, ती निवत जाताना पुसट होणारी अक्षरे त्याने उतरवून ठेवली. त्याच्या टिपणातली एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. लेखाची भाषा मॉर्डॉरची आहे, पण लिपी एरेगिऑन या राज्यातल्या एल्फांची, म्हणजे कथेतल्या अमर जमातीची, कारण इतके नाजूक लेखन पेलणारी अक्षरे मॉर्डॉरकडे नव्हती. ज्यांना फसवण्यासाठी अंगठी घडवली, त्यांचीच लिपी तिच्यावर आहे. तेव्हा अक्षरांचा नाजूकपणा हा या वस्तूच्या इतिहासाचाच भाग असल्यामुळे तो कोरीवकामात हरवू द्यायचा नाही, हे मी पहिल्या दिवशीच निश्चित केले.

ही लिपी म्हणजे तेंग्वार. तिचे नियम टोल्किन यांनी १९५५ साली प्रसिद्ध झालेल्या तिसऱ्या खंडाच्या परिशिष्टात दिले आहेत, आणि ते वाचताना मला आपल्या वर्णमालेचीच आठवण येत राहिली. मूळ अक्षरे चोवीस, त्यांचे चार वर्ग. एका वर्गात दंत्य वर्ण, दुसऱ्यात ओष्ठ्य, अशी ती मांडणी आहे. अक्षराला एक दांडा आणि एक कमान असते. कमान दुहेरी केली की ‘त’चा ‘द’ होतो आणि त्याच रीतीने ‘प’चा ‘ब’ होतो. ज्याने लहानपणी क-वर्ग, च-वर्ग म्हटले आहेत, त्याला या लिपीचे तर्कशास्त्र वेगळे समजावून सांगावे लागत नाही. व्यंजनावर आडवी रेघ दिली की त्याच्या आधी त्याच वर्गातले अनुनासिक उच्चारायचे, हा नियम तर ‘अंत’, ‘अंक’, ‘अंब’ लिहिताना आपण पाळतो त्या परसवर्णाचाच आहे. अक्षरांच्या सरावासाठी कटनिबऐवजी (तिरप्या टोकाच्या निबेऐवजी) मी बोरू वापरला, कारण कमानींची जाड-बारीक वळणे त्याने अधिक मोकळी येतात.

याच ओळखीने मला फसवलेही. स्वरचिन्हे व्यंजनावर देतात हे कळल्यावर मी ती देवनागरीप्रमाणे आधीच्या व्यंजनाला जोडत गेले. परंतु ज्या भाषांतले शब्द बहुधा व्यंजनान्त असतात, त्यांत स्वराचे चिन्ह पुढच्या व्यंजनावर येते. ‘नझ्ग’ म्हणजे अंगठी, या शब्दातला ‘अ’ हा ‘न’वर न बसता ‘झ’वर बसतो. शिवाय उजवीकडे उघडणारे वळण अन्यत्र ‘ओ’साठी वापरलेले असले, तरी या लेखात ते ‘उ’चे आहे, कारण मॉर्डॉरच्या बोलीत ‘ओ’ क्वचितच येतो. दोन आठवड्यांचा सराव मी बाजूला ठेवला आणि पुन्हा पहिल्या अक्षरापासून सुरुवात केली.

अंगठी घडवणाऱ्या कारागिरांनी माझा अक्षरांचा कागद पाहताच विचारले, “ताई, ही मोडी का?” मी लिपीची हकिकत सांगितली आणि त्यांनी ती मन लावून ऐकली. आतल्या बाजूला हाताने कोरणे कठीण, म्हणून आधी सपाट पट्टी दोन्ही बाजूंनी कोरावी, मग वाकवून डाख द्यावा, असे ठरले. पट्टी ६ मिलिमीटर रुंद आणि २ मिलिमीटर जाड होती. लेखाची दुसरी ओळ लांब असल्याने ती बाहेर घेतली आणि पहिली आत.

पहिला प्रयत्न वाया गेला, आणि तो माझ्या आराखड्यामुळे. आतला व्यास १९ मिलिमीटर धरला तर आतला परीघ सुमारे ६० आणि बाहेरचा सुमारे ७२ मिलिमीटर होतो, तर सपाट पट्टीची लांबी या दोहोंच्या मध्ये, साधारण ६६ असते. वाकवताना बाहेरची अक्षरे ताणली गेली, आतली दाटली, आणि जोड नेमका शेवटच्या अक्षरावर आला. दुसऱ्या वेळी मी बाहेरची अक्षरे मुद्दाम थोडी अरुंद आणि आतली थोडी रुंद काढली, जोडासाठी दोन्ही टोकांना कोरी जागा सोडली. कारागिरांनी पट्टी तापवून मऊ केली आणि लाकडी हातोडीने हळूहळू वळवली. डाख देताना चांदी काळवंडली. नंतर पॉलिशने वरचा पृष्ठभाग उजळला, पण खाचांतला काळेपणा त्यांनी माझ्या विनंतीवरून तसाच ठेवला.

टोल्किन यांना एका वाचकाने हाच लेख कोरलेला पोलादी चषक पाठवला होता. त्यांनी त्यातून कधी पान केले नाही. तंबाखूची राख टाकण्यासाठी तो वापरला. सर्वांना अंधारात जखडून टाकण्याची भाषा करणाऱ्या त्या शब्दांचा अर्थ माहीत असलेल्या माणसाने तसे करावे हे मला पूर्णपणे पटते, म्हणून अंगठी बोटात घालायची नाही असे मी ठरवले. घरी आणल्यावर भिंगाखाली धरून पुस्तकातल्या चित्राशी एकेक अक्षर ताडून पाहिले. सगळी चिन्हे जागच्या जागी होती. जोड डोळ्याला दिसत नाही, मात्र कोऱ्या जागेवरून नख फिरवले की किंचित लागतो. अंगठी आता बोरूच्या डबीत आहे, आणि वाया गेलेली पहिली अंगठी कारागिरांनी नमुना म्हणून स्वतःकडे ठेवून घेतली आहे.