आमची वाटचाल: बर्फाच्या लादीपासून लाईटच्या मीटरपर्यंत

आमच्या हॉटेलच्या बोर्डावर आईचं नाव आहे, पण घारापुरीत, म्हणजे एलिफंटा बेटावर, कुणालाही विचारा, 'बर्फवाल्यांचं हॉटेल' म्हणूनच दाखवतील. बर्फ विकणं बंद होऊन बरीच वर्षं झाली. ते बंद पडायला थोडाफार मीच कारण आहे, आणि तेही सही-शिक्क्यानिशी, म्हणून ही हकिकत जरा सविस्तर सांगतो.

आमचं बेट एवढंसं. शेतबंदर, राजबंदर आणि मोराबंदर ही तीन गावं, माणसं हजार-बाराशे. समोर मुंबई रात्रभर झगमगते, पण आमच्याकडे वीज नव्हती. संध्याकाळी जनरेटर लागायचा, तीन-साडेतीन तास. तो थांबला की कंदील. आणि अशा गावात भर उन्हाळ्यात गेटवेवरून तासभर लाँचमध्ये भाजून निघालेले पर्यटक उतरायचे. शंकराची मूर्ती कुठे, हे नंतर. आधी विचारायचे, "थंड काय आहे?"

बाबांचा धंदा या प्रश्नावर उभा राहिला. ते मूळचे मासेमार. भाऊच्या धक्क्यावर मासळी उतरवली की रिकाम्या मचव्यात बर्फाच्या लाद्या टाकून आणायचे. लादीवर लाकडाचा भुसा, त्यावर ओलं गोणपाट. तरी शेतबंदरला लागेपर्यंत चौथा हिस्सा पाणी होऊन जायचा. ओहोटी असली तर आणखी हाल, कारण आमच्या किनाऱ्याला लांबवर नुसता चिखल. त्यातून लादी खांद्यावरून आणायची. बाबांचे सगळे सदरे डाव्या खांद्यावर कुजलेले असायचे, बाकी कापड धडधाकट.

बर्फ ठेवायला त्यांनी सागवानी पेटी करून घेतली होती. आतून पत्रा, लाकूड आणि पत्र्याच्या मध्ये भुसा ठासलेला. पेटीत ताक, लिंबू सरबत आणि बाटल्या. पण खरी कमाई त्यात नव्हती. उरलेली लादी टोच्यानं फोडून लेण्यांकडे जाणाऱ्या पायऱ्यांवरच्या बाकीच्या स्टॉलवाल्यांना विकायची, त्यात होती. म्हणजे गावातले आमचे स्पर्धक हेच आमचे सगळ्यात मोठे गिऱ्हाईक. लेण्यांना 1987 साली जागतिक वारशाचा दर्जा मिळाला. पुढे पाहुणे वाढत गेले आणि आमच्या दिवसाच्या दोन लाद्यांच्या चार झाल्या.

मी राजकारणात आलो तो या पेटीमुळेच. सकाळी बर्फ न्यायला सगळ्या गावाची माणसं दुकानात उभी. कुणाचं पाणी आलं नाही, कुणाच्या डोलीचा नंबर कापला, सगळं तिथेच बोललं जायचं. "एवढं ऐकतोस, तर ग्रामपंचायतीला उभा का राहत नाहीस?" असं कुणीतरी म्हणालं आणि मी राहिलो. वॉर्डात मतं शे-सव्वाशे. प्रत्येक घर नावानिशी माहीत, आणि प्रत्येक घराची उधारीही.

उधारीचं गणित त्या दोन महिन्यांत मला पहिल्यांदा कळलं. वसुलीला गेलो तर मत गेलं. सोडून दिली तर विरोधक ओरडणार की पैसे वाटतोय. शेवटी वही गोणपाटात गुंडाळून पेटीच्या मागे टाकली आणि कुणी विचारलं की "सापडत नाही" म्हणत राहिलो. चार मतांनी निवडून आलो. मग वही बाहेर काढली, तर ज्यांनी मत दिलं ते म्हणाले, "मत दिलं ना, आता चहाचे कसले पैसे?" आणि ज्यांनी दिलं नाही ते म्हणाले, "तुझ्याकडे चहा प्यायलोच नाही." त्या वहीतली दोन पानं आजही तशीच आहेत.

सदस्य झाल्यावर वाटलं होतं धंद्याला हातभार लागेल. झालं उलटंच. ग्रामपंचायत अधिनियमाचं कलम 14 सदस्याला पाठ असावं. पंचायतीच्या कामात त्याचा पैशाचा संबंध नको आणि सरकारी जागेवर त्याचं अतिक्रमण नको, नाहीतर सदस्यत्व जातं. त्यात आमची जागा लेण्यांजवळची. स्मारकापासून शंभर मीटरच्या आत नवं बांधकाम होत नाही आणि त्यापुढच्या दोनशे मीटरांत परवानगीशिवाय वीट लावता येत नाही. म्हणून पायऱ्यांवर सगळीकडे ताडपत्र्या. आमची ताडपत्री पावसाळ्यात दोन हात पुढे ओढलेली होती ती तशीच राहिली होती. शेजारच्या स्टॉलवाल्यानं, म्हणजे माझ्या चुलतभावानंच, तक्रार ठोकली.

सुनावणी अलिबागला. आमचा जिल्हा रायगड, पण तिथे जायचं तर आधी लाँचनं गेटवे, तिथून दुसऱ्या लाँचनं मांडवा, पुढे बस. समुद्र दोनदा ओलांडायचा आणि संध्याकाळच्या आत परतायचं, नाहीतर मुंबईत नातेवाइकांकडे मुक्काम. अशा तीन तारखा झाल्या. चौथ्या तारखेच्या आदल्या रात्री बॅटरी तोंडात धरून मीच ताडपत्री कापली. भावाचं चुकलं असं मी तेव्हा गावभर म्हणत होतो. मोजपट्टी लावली तर त्याचंच बरोबर होतं.

लाईटचं सांगायचं तर ग्रामसभेत दुसरा कुठलाही विषय असो, पहिला ठराव लाईटचा. आमच्या आधीच्यांनी केले, आम्हीही केले. लाईट मी आणली म्हणणारे बेटावर किमान वीस जण आहेत, मी एकविसावा नाही. पण त्या ठरावांतल्या काहींवर सूचक म्हणून माझी सही आहे, हे मात्र कुणी नाकारू शकत नाही. सही करताना घरी बायको म्हणाली होती, "अहो, लाईट आली तर आपला बर्फ कोण घेईल?" मी हसलो होतो. एवढी वर्षं आली नाही ती आता कुठून येते!

फेब्रुवारी 2018 मध्ये आली. समुद्राखालून साडेसात किलोमीटरची केबल, तिन्ही गावांना एकेक ट्रान्सफॉर्मर, खर्च 25 कोटींच्या घरात. मुख्यमंत्री आले, भाषणं झाली. आई त्या रात्री दिवा न विझवता झोपली. मध्येच उठून बटण दाबायची, पुन्हा दाबायची.

दुसऱ्या आठवड्यापासून फ्रिज यायला लागले. लाँचमधून खोकी उतरायची आणि पायऱ्यांवरून वर न्यायला डोलीवाले. ज्या खुर्चीतून एरवी गुजरातच्या आजीबाई लेणी बघायला जातात, त्या खुर्चीला दोरीनं बांधून उभा फ्रिज चालला होता, पुढे दोघं, मागे दोघं, आणि वर माकडं झाडावरून बघत बसलेली. मी दारात उभा राहून मोजत होतो. मे महिन्यापर्यंत सतरा. एप्रिलात आमच्या चार लाद्यांची एक झाली होती, जूनमध्ये मचवा बर्फासाठी जायचाच थांबला. पहिलं गिऱ्हाईक तुटलं ते चुलतभावाचं. त्यानं नवीन फ्रिजमधली थंडगार बाटली आणून माझ्या टेबलावर ठेवली. "घे दादा, तुझ्या ठरावातली आहे."

पुढच्या निवडणुकीत आमचा वॉर्ड महिलांसाठी राखीव झाला. लोकांनी बायकोला उभी राहायला सांगितलं. ती म्हणाली, एका घरात एकच वेडा पुरे. खरं सांगायचं तर मलाही हायसं वाटलं.

बर्फ गेला तेव्हा जेवणाचं डोकं तिनंच लढवलं. वेफर्स आणि बाटल्या सगळेच विकतात, पण गरम भाकरी, कोळंबीचं कालवण आणि बोंबील तळून देणारं वर कुणी नव्हतं. मार्च 2020 मध्ये लेणी बंद झाली. पाहुणाच नाही, तर हॉटेल कुणासाठी उघडायचं? थोरला मुलगा आजोबांसारखा पुन्हा मासळीला गेला. आता तोच सकाळी मासळी आणतो आणि दुपारी गल्ल्यावर बसतो. पैसे बहुतेक मोबाईलवर येतात, त्यामुळे उधारीची वही भरायची तशी सोयच राहिली नाही. डोलीवाले मात्र अजून "लिहून ठेव" म्हणतात, आणि मी ठेवतो.

सागवानी पेटी दाराशी आहे. तिच्यावर चटई टाकून डोलीवाले बसतात. कोपऱ्यात एक फट पडली आहे, कुणी जोरात टेकलं की तिथून भुसा गळतो. बायको रोज झाडते आणि रोज म्हणते, टाकून द्या एकदाची.

सोमवारी लेणी बंद, म्हणून आम्हीही बंद. बाकी दिवस पहिली लाँच लागल्यापासून शेवटची सुटेपर्यंत आम्ही असतो. मासळीचं ताट हवं असेल तर वर चढताना सांगून जा. तीन वाजता उतरलात तर अंडाकरीच मिळेल. आणि कणीस हातात घेऊन पायऱ्या चढू नका, माकडं बघत असतात.