बेडफर्डचे इटालियन आणि आमची लालबागची खोली

कामानिमित्त इंग्लंडात बेडफर्डला दोन वर्षं राहिलो. पहिल्याच ऑगस्टमध्ये एका सकाळी बघतो तर शेजारच्या इटालियन कुटुंबाच्या अंगणात मोठमोठी पातेली चढलेली, टोमॅटोच्या पेट्यांवर पेट्या, आणि आजी, मुली, सुना, नातवंडं सगळे मिळून वर्षभराचा सॉस बाटल्यांत भरतायत, अगदी आपल्याकडे मे महिन्यात गच्चीवर पापड-कुरडयांचं चालतं ना तस्सं. तिथून मला या लोकांचं वेडच लागलं.

महायुद्धानंतर इंग्लंडला घरं बांधायला विटा हव्या होत्या, बेडफर्डजवळ माती भरपूर पण भट्टीवर काम करायला माणसं मिळेनात. मग १९५१ पासून वीट कंपन्यांनी दक्षिण इटलीतून माणसं आणायला सुरुवात केली, दहाएक वर्षांत ७,५०० च्या वर पुरुष आले. बहुतेक शेतकरी, कित्येकांनी कारखाना आतून बघितलेलाही नव्हता. ४ वर्षांचं कंत्राट, तेवढ्यात नोकरी बदलायची सोय नाही, आणि राहायला कुठे, तर युद्धकैद्यांच्या जुन्या छावण्यांत! काम म्हणजे भट्टीच्या धगीत विटा रचायच्या आणि भाजल्या की गरम गरमच बाहेर काढायच्या.

पण माणसं टिकली. बायकामुलं मागून आली, एकेका घरात तीन-चार कुटुंबं राहिली, एकाने गावाकडच्या भावाला बोलावलं, भावाने मेव्हण्याला, असं करत बुस्सो, मोंतेफाल्कोने अशा छोट्या गावांतली घरंच्या घरं इथे आली. १९५४ मध्ये इटलीने या एवढ्याशा गावात उपवाणिज्य दूतावास उघडला, १९६५ मध्ये त्यांचं स्वतःचं चर्च झालं, तेही संत फ्रान्चेस्का काब्रिनीच्या नावाने, जी स्थलांतरितांची संत मानली जाते. दूतावास २००८ मध्ये बंद झाला, त्याच वर्षी बेडफर्डजवळच्या स्टुअर्टबी गावची वीटभट्टीही विझली, आणि २०२१ मध्ये तिची धुरांडी पाडली.

आता पहिल्या पिढीचे लोक फार थोडे उरलेत, म्हणून मला कळकळीने वाटतं की त्यांची नोंद त्यांच्याच बोलीत व्हायला पाहिजे. कंत्राटाच्या कागदावर पुरुषाचं नाव सापडेल हो, पण दोन चुलींवर चार बायकांनी पाळ्या कशा लावल्या ते कुठल्या कागदावर सापडणार? शेजारच्या आजी घरात गावची बोलीच बोलायच्या, नातीने क्लासला जाऊन शिकलेली इटालियन वेगळीच. त्यांना शुद्ध भाषेत प्रश्न विचारला की चार शब्दांत उत्तर यायचं. त्यांच्या मुलीने तोच प्रश्न बोलीत विचारला की हात हलवत अर्धा तास.

हे सगळं बघताना मला सारखी आमची लालबागची खोली आठवायची. आजोबा मिलमध्ये, खोलीत गावचे चौदा-पंधरा चाकरमानी, आणि सगळ्यांचं जेवण एकटी आजी करायची. तिचं काहीच रेकॉर्ड केलं नाही आम्ही, याचं फार वाईट वाटतं.

म्हणून गेल्या महिन्यात आत्याला फोनसमोर बसवलं आणि सांगितलं, तू मालवणीतच बोल. आधी म्हणाली, "माका आता काय आठवतला!" मग दीड तास बोलली, त्यातला अर्धा तास फक्त कुणाची ट्रंक कुठे असायची आणि रात्रपाळीवाले परत आले की कुणाच्या जागेवर झोपायचे, एवढंच. रविवारी मी परत जाणार आहे, आजीच्या आमटीबद्दल विचारायचंय.